कुत्र्याच्या पंजाला पट्टी बांधताना

गेल्या पावसाळ्यात शेजारच्या काळूचा पंजा फुटक्या काचेने कापला. घरच्यांनी जखमेत हळद भरली, जुन्या साडीची चिंधी करकचून बांधली आणि ती सुटू नये म्हणून वर रबरबँड लावला. दुसऱ्या दिवशी पंजा टम्म सुजला होता, बोटे गार पडली होती. चिंधी वेळेवर कापली म्हणून पाय वाचला. जखम तशी लहानच होती, घात पट्टीने केला असता.

दुखत असताना घरचा कुत्राही चावतो. म्हणून एकाने त्याला मायेने पण पक्के धरावे, दुसऱ्याने पंजा हाताळावा. हातमोजे नसतील तर हातात स्वच्छ प्लास्टिकची पिशवी घाला. लस टोचली आहे की नाही हे माहीत नसलेल्या भटक्या कुत्र्यावर मात्र हा प्रयोग करू नका.

रक्त वाहत असेल तर स्वच्छ फडके ५ मिनिटे दाबून धरा. थांबले का म्हणून मधेच उचलून पाहू नका. मग अर्धा लिटर पाणी उकळून कोमट करा, त्यात एक सपाट छोटा चमचा मीठ विरघळवा आणि जखमेवर धार धरा. हळद, चुना, रॉकेल काही नको. खोल रुतलेली काच ओढून काढू नका, ती डॉक्टरांचे काम.

पंजा टिपून कोरडा करा. बोटांच्या बेचक्यांत कापसाचे पातळ बोळे ठेवा, नाहीतर घामाने तिथली कातडी सोलवटते. (हो, कुत्र्याला पंजाच्या गादीला घाम येतो.) जखमेवर गॉज, वर कापसाचा थर, त्यावर गॉजपट्टीचे वेढे बोटांकडून वर घ्या. मधल्या दोन बोटांची टोके उघडी राहू द्या. पट्टीखाली आपली दोन बोटे सहज गेली पाहिजेत. दिवसातून तीन-चार वेळा ती टोके चाचपून पाहा: गार लागली, सुजली, किंवा पट्टीला वास आला, तर लगेच सोडा. पट्टी रोज बदला. भिजली तर तेव्हाच. बाहेर नेताना पिशवी चढवा आणि घरी आल्यावर काढा.

घरातली पॅरासिटामॉल, आयबुप्रोफेन, डायक्लोफिनॅक त्याला देऊ नका. या गोळ्या कुत्र्याला विषासारख्या बाधू शकतात. जखमेत अळ्या दिसल्या, रक्त थांबेना, किंवा दुसऱ्या कुत्र्याने चावा घेतला असेल, तर सरळ पशुवैद्यकीय दवाखाना गाठा.

आणि या गडबडीत तुम्हालाच दात लागला, ओरखडा आला किंवा हातावरच्या जखमेला लाळ लागली, तर साबण लावून वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटे धुवा आणि त्याच दिवशी सरकारी रुग्णालयात जा. तिथे रेबीजची लस मोफत मिळते. रक्त आले असेल तर लसीबरोबर जखमेत द्यायचे सिरम लागते, तेही मागून घ्या. पुढच्या सुया कोणत्या तारखांना, ते कार्डावर लिहून आणा. कुत्रा घरचा आहे म्हणून एकही चुकवू नका.