दूरचित्रवाणीच्या दृश्यांना कलेचा प्रतिप्रश्न

बातमीपट, मालिका किंवा जाहिरात यांतील एखादे दृश्य मूळ कार्यक्रमातून वेगळे काढून निराळ्या क्रमाने मांडले, की त्याचा अर्थ बदलतो. याच तत्त्वावर ‘फाउंड फुटेज’ ही कलापद्धती उभी आहे. यात कलावंत नवे चित्रीकरण करण्याऐवजी उपलब्ध चित्रफिती कापतो, जोडतो आणि पुन:पुन्हा दाखवतो.

अमेरिकेतील डारा बर्नबॉम यांनी १९७८-७९ मध्ये ‘वंडर वुमन’ या लोकप्रिय मालिकेवर हा प्रयोग केला. गिरकी घेताच सामान्य स्त्री अतिमानवी नायिका बनते, हे दृश्य सलग अनेकदा पाहिल्यावर त्यातील चमत्कार ओसरतो. दूरचित्रवाणी स्त्रीची प्रतिमा कशी घडवते, हे त्यातून उघड होते.

भारतात मुंबईच्या चित्रकर्ती नलिनी मलानी यांनी संग्रहित दृश्यांचा असा अर्थपूर्ण वापर केला. मे १९९८ मधील पोखरण अणुचाचण्यांनंतर त्यांनी ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ ही मांडणी साकारली. सआदत हसन मंटो यांच्या फाळणीविषयक कथेचा तिला आधार आहे. पत्र्याच्या ट्रंकांमध्ये ठेवलेल्या १२ पडद्यांवर विस्थापितांची, तर भिंतीवर अणुस्फोटाची दृश्ये दिसतात. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एका साडीची घडी घालू पाहतात. बातम्यांत काही क्षणांत सरून जाणारे दु:ख येथे घर सोडताना उचललेल्या सामानात येऊन बसते.

चलत्‌ चित्रांप्रमाणे जुनी लोकप्रिय चित्रेही या कलेचा कच्चा माल ठरतात. राजा रविवर्मा यांचे विविध प्रांतांच्या वेशभूषेतील वादक स्त्रियांचे प्रसिद्ध चित्र म्हैसूरच्या जगनमोहन राजवाड्यात आहे. गुजरातमधील २००२ च्या हिंसाचारानंतर मलानी यांनी २००३ मध्ये ‘युनिटी इन डायव्हर्सिटी’ या व्हिडिओकृतीत तेच चित्र घेतले. तिच्यात त्या स्त्रियांच्या सुरेल मैफलीत बंदुकीचे आवाज घुसतात आणि चित्रातील एकात्मतेचे आश्वासन तपासले जाते.

आज कापलेली, जोडलेली दृश्ये प्रत्येकाच्या मोबाईलवर येतात. दिशाभूल करणारी चित्रफीत आपला कापलेला भाग लपवते. ही कला मात्र तो मुद्दाम दाखवते. दृश्य कोणी निवडले, कोठे तोडले आणि काय वगळले, हे विचारण्याची सवय प्रेक्षकाला लावणे, हेच तिचे महत्त्व होय.