मॉड ॲपवर सही कोणाची?

संशोधन सुरू झालं की बरंचसं काम मोबाईलवरच होतं. मुलाखत रेकॉर्ड करायची, संमतिपत्र स्कॅन करायचं, मार्गदर्शकांना पाठवायचं. स्कॅनरची ‘प्रो’ आवृत्ती विकत घेणं परवडत नाही, मग ग्रुपवर कोणीतरी मॉड एपीके टाकतं. यात नेमका धोका कुठे आहे, ते समजून घेऊ.

अँड्रॉइडच्या प्रत्येक एपीकेवर ती बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. आतला कोड थोडा जरी बदलला तरी ही सही जुळत नाही. म्हणून मॉड करणारा मूळ सही काढून स्वतःची करतो. आणि फोन ती मान्य करतो! कारण सही करणारा कोण, याची चौकशी फोन करत नाही. सही फाइलशी जुळते का आणि अपडेट असेल तर आधीच्या ॲपवरचीच सही आहे का, एवढंच तो तपासतो. म्हणूनच मॉड टाकताना बऱ्याचदा ‘आधी मूळ ॲप काढून टाका’ असं सांगितलेलं असतं. सही बदलली आहे, हे तिथेच कळतं.

आता एक खरं उदाहरण. 2021 मध्ये कॅस्परस्कीच्या संशोधकांना ‘एफएम व्हॉट्सॲप’ या मॉडच्या 16.80.0 आवृत्तीत ‘ट्रायाडा’ हा ट्रोजन सापडला. जाहिराती दाखवणाऱ्या एसडीकेबरोबर तो आत आला होता. वापरणाऱ्यांनी मॉडला एसएमएस वाचायची परवानगी दिलेली होती. तीच ट्रोजनलाही आयती मिळाली. पुढे 2022 मध्ये ‘यो व्हॉट्सॲप’च्या एका आवृत्तीत अकाउंटच्या कीज चोरणारा कोड सापडला. दोन्ही मॉडमध्ये मेसेज नेहमीसारखे जात-येत होते, त्यामुळे वापरणाऱ्याला संशय येण्याचं कारणच नव्हतं.

मग साइडलोडिंग सरसकट वाईट का? नाही. क्षेत्रकार्यात सर्वेक्षणासाठी वापरलं जाणारं ‘ओडीके कलेक्ट’ गिटहबवरूनही घेता येतं. पण तिथे एपीके मूळ विकसकच देतात आणि सोर्स कोडही खुला असतो. प्ले स्टोअरबाहेरून फाइल घेणं आणि अनोळखी माणसानं बदललेली फाइल घेणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

काही जण म्हणतील, ‘साइटवर हॅश दिलाय, तो जुळला.’ त्यावरून फाइल डाउनलोड होताना बिघडली नाही एवढंच कळतं. हॅशही त्याच साइटनं दिलाय ना! अँटिव्हायरसला काही सापडलं नाही, तरी ती खात्री होत नाही. दुसरा भाग नंतर इंटरनेटवरून उतरवता येतो. ट्रायाडा तेच करत होता.

पैसे गेले तर नुकसान आपलं. पण मुलाखत देणाऱ्यानं संमती आपल्याला दिलेली असते. त्याचं नाव, नंबर, आवाज आपल्या फोनमधून बाहेर गेला, तर त्याची भरपाई आपण कशी करणार? त्यामुळे क्षेत्रकार्याच्या फोनवर मॉड ॲप नकोच. आधीपासून असेल तर काढा, महत्त्वाचे पासवर्ड दुसऱ्या उपकरणावरून बदला, व्हॉट्सॲपचा मॉड असेल तर अधिकृत ॲपवर पुन्हा नोंदणी करा आणि शक्य असेल तर फोन फॅक्टरी रीसेट करा. स्कॅनिंगसाठी गुगल ड्राइव्हमधली मोफत सोय पुरते.