जुने चित्रपट, नवा रंग : हक्क कोणाचा?

मालकाने मजुरी चुकती केली, म्हणजे कामगाराचा त्या कामाशी असलेला संबंध संपला काय? आम्हां कामगार चळवळीतील माणसांना हा प्रश्न नवा नाही. चित्रपटांच्या बाबतीत तो उभा राहिला तेव्हा मात्र फार गाजला. त्याची हकीकत ऐकण्यासारखी आहे.

१९८६ साली अमेरिकेतील उद्योगपती टेड टर्नर यांनी एम.जी.एम. कंपनीचा जुन्या चित्रपटांचा संग्रह विकत घेतला आणि त्यातील कृष्णधवल चित्रपट रंगवून दूरचित्रवाणीवर दाखविण्यास आरंभ केला. रंगवतात कसे? चित्रपटात सेकंदाला २४ चित्रे सरकतात. दृश्यातील एक चित्र घेऊन माणूस ठरवतो, कोट निळा, भिंत पिवळी. मग संगणक तोच रंग पुढील चित्रांत भरत जातो. नुसत्या करड्या छटेवरून मूळ रंग कळत नाही. तांबडा आणि हिरवा दोन्ही सारखेच करडे दिसू शकतात. म्हणजे हा रंग सापडलेला नसतो, कोणीतरी ठरवलेला असतो.

मालकपक्ष म्हणतो, मूळ प्रत शाबूत आहे. रंग नको त्याने आपल्या संचावरचा रंग बंद करावा. आणि रंगाशिवाय तरुण पिढी हे चित्रपट पाहणार नाही. हे म्हणणे अगदीच पोकळ नाही. पण १९५० सालचा ‘द अ‍ॅस्फाल्ट जंगल’ घ्या. दिग्दर्शक जॉन ह्यूस्टन, छायाचित्रकार हॅरॉल्ड रॉसन. याच रॉसन यांनी १९३९चा रंगीत ‘द विझर्ड ऑफ ऑझ’ चित्रित केला होता. तेव्हा रंग ठाऊक नव्हता म्हणून चित्रपट काळापांढरा राहिला, असे म्हणता येत नाही.

ह्यूस्टन १९८७ साली वारले. पुढे फ्रान्समधील एका वाहिनीने रंगवलेली प्रत दाखवायचे ठरवले, तेव्हा त्यांचे वारस आणि सहलेखक बेन मॅडो कोर्टात गेले. अमेरिकी कायद्याने पगार देणारी कंपनीच चित्रपटाची कर्ती ठरते. अपिलात कंपनीची सरशीही झाली. परंतु २८ मे १९९१ रोजी फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, करार कोठेही झालेला असो, फ्रान्समध्ये कृतीची अखंडता राखण्याचा हक्क ती घडविणाऱ्यांचाच आहे.

आमचा रंगाला विरोध नाही. टांगेवाले आणि मोटारबस यांची झुंज दाखविणारा १९५७चा ‘नया दौर’ २००७ साली रंगीत झाला, तो निर्माते-दिग्दर्शक बी. आर. चोप्रा हयात असताना, त्यांच्याच संस्थेकडून. तेथे तक्रारीला जागा नाही. आमचे म्हणणे इतकेच की, घडविणाऱ्यास विचारावे. तो नसेल तर रंग मागाहून दिल्याचे पडद्यावर स्पष्ट लिहावे, आणि मूळ प्रतही लोकांना पाहावयास मिळावी. मजुरी देऊन काम विकत घेता येते. परंतु ते बदलून पुन्हा त्याच कारागिराच्या नावावर खपविण्याचा परवाना त्यातून मिळत नाही.