तरुणांची मिश्र बोली

काचीगुड्याच्या मराठी घरांतील तरुण आपापसांत दखनी बोलतात, मधून तेलुगू व इंग्रजी शब्द पेरतात. आणि वडीलधारी मंडळी मराठी बुडाल्याचा खेद करतात. हा खेद आम्हांस अस्थानी वाटतो. दखनीतील 'नक्को' हा मूळचा आपला 'नको' होय. 'ऐसाइच' या रूपात आपलेच 'च' हे अव्यय आहे. देवघेव जुनीच आहे.

इंडोनेशियातील तरुणांनी २८ ऑक्टोबर १९२८ रोजी ऐक्याची भाषा म्हणून सर्वांत मोठ्या भाषिक गटाची जावी न निवडता व्यापारपेठांत रुळलेली मलायी स्वीकारली. आजचे तरुण तीत जावी व इंग्रजी शब्द सर्रास मिसळतात. परंतु शाळांत ती नित्य लिहिली जात असल्याने तिचा पाया ढळत नाही.

आमची चिंता येथेच आहे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत मराठवाडा मुंबई राज्यात गेला आणि हैदराबादच्या मराठीचा मोठा आधार तुटला. आता कित्येक मुले मराठी निरोपही रोमन लिपीत लिहितात. तीत 'त' व 'ट', 'न' व 'ण' यांतील भेद सहसा उमटत नाही. हळूहळू तो कानांतूनही जाईल. तेव्हा शिक्षकांनी मिश्र बोलीवर रागावू नये. आठवड्यास एक पत्र मात्र देवनागरीत लिहवून घ्यावे.