मातीचीं पत्रें आणि आमचीं दप्तरें

खानदेशांतील एखादें जुनें दप्तर हातीं आलें म्हणजे संग्राहकाचा डोळा प्रथम शिक्क्याकडे जातो. पेशव्यांची मुद्रा, शिंदे-होळकरांचें नांव, निदान ‘मोर्तब सूद’ एवढीं अक्षरें दिसलीं कीं तो कागद वेगळा निघतो. उरलेला रुमाल, ज्यांत उसनवारी, सोयरीक, बैलांची खरेदी, भावाभावांचे तंटे असतात, तो माळ्यावर परत जातो अथवा नदीस अर्पण होतो. या निवडीनें आपण काय गमावतों हें समजण्यास एका फार दूरच्या देशाचें उदाहरण उपयोगी पडेल, असें आम्हांस वाटतें.

तैग्रिस व युफ्रेतिस या नद्यांच्या दुआबांत लोक ओल्या मातीच्या लहानशा वडीवर बोरूच्या टोकानें खिळ्यांसारखीं अक्षरें दाबून पत्रें लिहीत. म्हणजे बोरू त्यांचाही व आमचाही. पत्र वाळल्यावर त्यावर मातीचाच पातळ लिफाफा चढवून त्यावर लिहिणाराची मुद्रा उमटवीत. आमच्याकडे एरंडोलचा जाडाभरडा देशी कागद एके काळीं प्रसिद्ध होता. पण कागद कितीही चिवट असो, त्याला वाळवी, पाणी व आग हे तीन शत्रु. मातीला आग उलट पक्की करते. मारी नगरीचा राजवाडा हम्मुराबीनें इ. स. पूर्वीं सुमारें १७६० त उद्ध्वस्त केला; तरी तेथें १९३३ पासून चाललेल्या उत्खननांत सुमारें २०,००० लेख हातीं आले.

ही लिपि उलगडण्याच्या कामाशीं मुंबई इलाख्याचा दूरचा संबंध आहे. हेन्री रॉलिन्सन हा १८२७ सालीं कंपनीच्या सैन्यांत दाखल होऊन मुंबईस आला व पुढें इराणांत गेल्यावर त्यानें बेहिस्तून येथील कड्यावरचा लेख उतरून घेतला. त्यांतील प्राचीन पारसीक भाषा संस्कृत व अवेस्ता यांच्या साहाय्यानें उकलली आणि तिच्या आधारें बाबिलोनी भाषेचा मार्ग मोकळा झाला. पाणिनीच्या अभ्यासकास याचा थोडा अभिमान वाटला तर तो क्षम्य समजावा.

आतां मायना पाहा. ‘अमक्यास सांग, तमका असें म्हणतो,’ अशी या पत्रांची सुरुवात असे. म्हणजे पत्र वाचून दाखविणाऱ्या लेखकास ही आज्ञा आहे, धनी ऐकतो. आमच्याकडेही चिटणीस वाचीत व धनी ऐकत. मिसर देशांत अमर्ना येथें १८८७ सालीं सांपडलेलीं बाबिलोनी भाषेंतील राजपत्रें तर मराठी दप्तर चाळणाऱ्यास ओळखीचीं वाटतील. बरोबरीचा राजा ‘बंधु’ म्हणवितो. मांडलिक ‘सात वेळां व पुन्हां सात वेळां’ पायां पडतो. हित्ती राजाचें समजलें जाणारें एक पत्र आहे, त्यांत ‘तूं आपलें नांव माझ्या नांवाच्या वर कां लिहिलेंस?’ अशा आशयाची तक्रार आहे. ‘तीर्थरूप’ लिहावें कीं ‘राजश्री’, ‘साष्टांग नमस्कार’ कीं ‘आशीर्वाद’, यावर आमच्या पूर्वजांनीं मान-अपमान मोजले, त्यांस हा राजा परका वाटला नसता.

परंतु समाजाचें खरें चित्र राजपत्रांत नाहीं. तुर्कस्थानांत कायसेरीजवळ प्राचीन कानेश येथें असुर देशींच्या व्यापाऱ्यांचीं घरें होतीं. तेथें निघालेले लेख सुमारें २३,००० आहेत व ते इ. स. पूर्वींच्या विसाव्या-एकोणिसाव्या शतकांतील आहेत. पुशु-केन नामक व्यापारी तेथें राही आणि त्याची बायको लामस्सी असुर नगरींत माग चालवून गाढवांच्या तांड्याबरोबर त्यास कापड पाठवी. तो कापडास नांवें ठेवी, तें तिला लागे. एका पत्रांत ती लिहिते, तुम्ही गेल्यापासून अमक्यानें दुप्पट घर बांधलें, आपण केव्हां बांधणार? चार हजार वर्षांपूर्वीं स्त्रिया माल पाठवीत, रुप्याचा हिशेब मागत व नवऱ्यास सुनावीत, हें कोणत्याही राजाच्या शिलालेखांतून कळलें नसतें.

ऊर नगरींतील एआ-नासिर हाही राजा नव्हे, तांब्याचा व्यापारी. त्यानें वाईट तांबें दिलें व निरोप्याचा अपमान केला, अशी नन्नी नांवाच्या गिऱ्हाइकाची इ. स. पूर्वीं १७५० च्या सुमाराची तक्रार ब्रिटिश म्युझियममध्यें आहे. ती एकटी असती तर गिऱ्हाईकच भांडखोर होता असें कोणीही म्हटलें असतें. पण त्याच व्यापाऱ्यास आलेलीं आणखी पत्रें एकाच घरांत सांपडलीं, त्यांत इतरांच्याही तक्रारी आहेत, म्हणून दोष कोणाचा याचा अंदाज करतां येतो.

येथेंच आमचा मुद्दा आहे. पत्र एकटें मुकें असतें, दप्तरांत तें बोलतें. कानेशचे फलक गांवकऱ्यांनीं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून सुटे सुटे विकले. ते अनेक संग्रहांत पांगले आणि मूळ जागा ह्रोझ्नी यास १९२५ सालीं लागली. पांगलेल्या फलकांवरून एकेका व्यापाऱ्याचें दप्तर पुन्हां जुळविण्यांत पंडितांचीं आयुष्यें गेलीं.

कै. वि. का. राजवाडे यांनीं १८९८ पासून मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें छापण्यास आरंभ केला. त्यांचे २२ खंड झाले व त्यांत वतनदार घराण्यांचे महजर व कौटुंबिक कागदही आले. ते ३१ डिसेंबर १९२६ रोजीं धुळ्यास निवर्तले आणि पुढील महिन्यांतच तेथें त्यांच्या नांवाचें संशोधन मंडळ उभें राहिलें. तरीही खानदेशांतील घरोघरचे रुमाल अजून फुटतच आहेत. गिरणाकांठच्या एका घरीं आम्हीं असा रुमाल पाहिला. शिक्क्याचे कागद कोणी संग्राहक पूर्वींच घेऊन गेला होता. उरलेल्यांत एका विधवेचीं तिच्या दिरास लिहिलेलीं तीन पत्रें होतीं. शेताच्या वांट्याविषयीं निवाडापत्राप्रमाणें वागावें, एवढेंच ती पुनःपुन्हां विनविते. तें निवाडापत्र शिक्क्याचें असल्यामुळें गेलें. आतां तिचा हक्क काय होता, हें त्या घरांत कोणासच सांगतां येत नाहीं. आणि ज्याच्याकडे निवाडा आहे, त्यास ती बाई होती हेंही ठाऊक नसेल.