लेझर झाले, मग नजर कधी येणार?

आमच्या वरणगावात डोळ्याचे कोणतेही ऑपरेशन झाले की त्याला 'लेझर' म्हणण्याची पद्धत पडली आहे. मोतीबिंदू काढला तरी लेझर, चष्म्याचा नंबर घालवला तरी लेझर आणि साखरेच्या रोग्याच्या डोळ्याच्या पडद्यावर उपचार झाले तरी लेझरच. नाव एक झाल्यामुळे अपेक्षाही एकच झाली आहे. अमक्याच्या आईला दुसऱ्याच दिवशी भिंतीवरचे कॅलेंडर दिसू लागले, मग आपल्या वडिलांना पंधरा दिवस झाले तरी का दिसत नाही, असा प्रश्न घरोघर पडतो. आम्ही गेली काही वर्षे वस्तीतील आजारी माणसांना घेऊन भुसावळ-जळगावच्या दवाखान्यांत जातो, केसपेपर काढतो, फॉर्म भरतो. तेथील बाकावर बसले की हाच प्रश्न निरनिराळ्या तोंडून ऐकू येतो. त्याचे उत्तर लेझर कोणते यावर अवलंबून आहे, आणि नेमके तेच कोणी रोग्याला समजावून सांगत नाही.

प्रथम मोतीबिंदू. आज बहुतेक ठिकाणी मोतीबिंदू काढतात तो लेझरने नव्हे. डोळ्याला लहानशी चीर देऊन गढूळ झालेले भिंग काढतात व त्या जागी नवे बसवतात. 'फेको' म्हणतात त्या यंत्रात ध्वनिलहरींनी भिंगाचा चुरा करून तो ओढून घेतात. चार्ल्स केलमन या अमेरिकन डॉक्टरने १९६७ साली ही पद्धत आणली. ज्यात खरोखर लेझर वापरतात अशीही एक महागडी पद्धत आहे, तिला 'फेम्टो' म्हणतात. फ्रान्समधील सरकारी इस्पितळांत फेम्टो व साधे फेको यांची तुलना झाली, तिचे निकाल २०२० साली प्रसिद्ध झाले. महाग पद्धतीने नजर अधिक चांगली येते असे काही त्यात आढळले नाही. म्हणून दवाखान्याच्या पॅकेजच्या कागदावर 'लेझर' हा शब्द आणि त्यापुढे मोठा आकडा दिसला, तर कर्ज काढण्यापूर्वी साध्या ऑपरेशनचा आकडाही विचारावा.

मोतीबिंदूशी संबंधित खरे लेझर पुढे येते. ऑपरेशननंतर काही महिन्यांनी किंवा वर्षांनी नजर पुन्हा धूसर होऊ लागते आणि लोक म्हणतात, 'मोतीबिंदू परत आला.' मोतीबिंदू परत येत नसतो. नवे भिंग ज्या पातळ पिशवीत बसवलेले असते तिची मागची बाजू काही जणांत गढूळ होते. 'याग' नावाच्या लेझरने तिला मधोमध झरोका पाडतात. काम काही मिनिटांचे, चीर नाही, टाका नाही. एक-दोन दिवसांत स्वच्छ दिसू लागते. गावात ज्या चमत्काराच्या गोष्टी सांगतात त्या बहुधा याच लेझरच्या असतात. मात्र त्यानंतर डोळ्यापुढे विजा चमकल्यासारखे झाले, एकदम पुष्कळ काळे ठिपके दिसू लागले किंवा एका बाजूने पडदा ओढल्यासारखे वाटले, तर त्याच दिवशी डॉक्टर गाठावा.

आता आपल्या तरुण मुला-मुलींचे लेझर, म्हणजे लेसिक. डोळ्याच्या बाहुलीसमोरचा पारदर्शक भाग लेझरने किंचित तासून चष्म्याचा नंबर घालवतात. याचा शोध मोठा गमतीचा आहे. मद्रासकडून अमेरिकेत गेलेले रंगस्वामी श्रीनिवासन हे आयबीएम कंपनीत शास्त्रज्ञ होते. तेथील एका सणाच्या दुसऱ्या दिवशी, २७ नोव्हेंबर १९८१ रोजी, घरी उरलेले टर्की नावाच्या पक्ष्याचे मांस त्यांनी प्रयोगशाळेत नेले आणि त्यावर एक्सायमर लेझर चालवून पाहिले. काप अगदी स्वच्छ आला, आजूबाजूला भाजल्याची खूणसुद्धा नाही. शिळ्या मांसाच्या त्या तुकड्यापासून आजच्या लेसिकची सुरुवात झाली.

लेसिकनंतर बहुतेकांना दुसऱ्या दिवशीच चांगले दिसते. नजर पुरती स्थिर व्हायला मात्र काही आठवडे, कधी तीन महिने लागतात. मधल्या काळात डोळे कोरडे पडतात, रात्री समोरच्या गाडीच्या दिव्याभोवती कडे दिसते. डोळा चोळायचा नाही, हे तर कटाक्षाने पाळायचे. आमच्याकडच्या मे महिन्याच्या फुफाट्यात ते पाळणे सोपे नाही. वय १८ च्या खाली असेल, वर्षभरात नंबर बदलला असेल किंवा बुबुळाचा पुढचा भाग पातळ असेल तर चांगला डॉक्टर हे ऑपरेशन करीत नाही. चाळिशीनंतर वाचायला चष्मा लागतो तो लागतोच.

मुलींच्या बाबतीत आणखी एक कारण असते. स्थळ पाहायला आलेल्यांनी 'चष्मा आहे' म्हणून नाक मुरडायचे आणि बापाने सोसायटीचे कर्ज काढून लेसिक करून घ्यायचे! एम.ए. झालेल्या मुलीच्या डोळ्यावरचा चष्मा ज्यांना खुपतो, त्यांच्याच डोळ्यांची तपासणी व्हायला हवी असे आमचे मत आहे.

मुलांचे कारण नोकरीचे असते आणि तेथे नुकसान मोठे होते. भुसावळ हे रेल्वेचे गाव. आमच्या भागातील कितीतरी मुले असिस्टंट लोको पायलटच्या परीक्षेची तयारी करतात. त्या पदाला ए-१ ही वैद्यकीय श्रेणी लागते, म्हणजे चष्म्याशिवाय दोन्ही डोळे ६/६. चष्मा असलेल्या मुलाला वाटते, लेसिक करू आणि मेडिकलला उभे राहू. पण लेसिक केलेला उमेदवार या पदाला अपात्र ठरतो. डोळ्याच्या तपासणीत ते कळतेही. म्हणजे पैसे गेले आणि नोकरीही नाही. भरतीच्या जाहिरातीतील वैद्यकीय अटी बारीक अक्षरात असतात, त्या ऑपरेशनच्या आधी वाचाव्यात. पोलीस, सैन्य, रेल्वे यांच्या अटी वेगवेगळ्या आहेत.

आम्हाला खरे सांगायचे आहे ते तिसऱ्या लेझरविषयी, साखरेच्या रोग्यांच्या पडद्यावरील लेझरविषयी. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेची पाहणी २०२३ साली प्रसिद्ध झाली. तिच्यानुसार देशात मधुमेहाचे रुग्ण १० कोटींवर आहेत. हा श्रीमंतांचा रोग म्हणून सोडून देण्याचे दिवस केव्हाच संपले. बाबासाहेबांना मधुमेह होता, आणि शेवटच्या काही वर्षांत दृष्टी मंदावल्याने त्यांना वाचन-लेखन कठीण झाले होते, हे आपण सारे वाचून आहोत. त्या वेळी जगात लेझर नव्हतेच. पहिले लेझर थिओडोर मेमन यांनी १९६० साली तयार केले. त्याआधी मायर-श्विकेराथ नावाच्या जर्मन डॉक्टरने १९४९ च्या सुमारास आरशांच्या साहाय्याने थेट सूर्याचा प्रकाश रोग्याच्या डोळ्यात सोडून पडद्यावर उपचार केले होते. ग्रहण नुसत्या डोळ्यांनी पाहणाऱ्यांचा पडदा भाजतो, हे त्यांना माहीत होते. जे जाळते तेच मोजून वापरले तर वाचवील, असा तो विचार.

आमच्या शेजारी ऑर्डनन्स फॅक्टरीतून निवृत्त झालेले एक काका राहतात. चौदा वर्षांपासून साखर. गोळ्या कधी घ्यायच्या, कधी नाही. डोळे तपासले नव्हते, कारण 'दिसते तर आहे!' एके दिवशी सकाळी उजव्या डोळ्यापुढे काळे जाळे तरंगू लागले, संध्याकाळपर्यंत तो डोळा धुरकट झाला. डॉक्टरांनी सांगितले, आत रक्त उतरले आहे, दोन्ही पडद्यांना लेझर लागेल. पुढे रक्त बरेचसे विरले आणि दोन्ही डोळ्यांचे लेझर झाले. त्यानंतरच्या आठवड्यात काका घराशेजारच्या बोळात दिवेलागणीला अडखळून पडले. मुलगा संतापला. काका आम्हाला एवढेच म्हणाले, 'भाऊ, लेझर केलं, मंग दिसत काऊन नाही?'

आम्ही त्यांची फाईल मागून घेतली. कागद वाचणे हे आमचे पोटापाण्याचेच काम. त्यात इंग्रजीत छापलेले संमतिपत्र होते, खाली काकांची सही. हा उपचार दृष्टी सुधारण्यासाठी नसून पुढील हानी टाळण्यासाठी आहे, असे त्यात स्वच्छ लिहिलेले. ज्याने सही केली त्याला ते वाचता आले नाही, आणि ज्याने सही घेतली त्याने ते मराठीत सांगितले नाही. सगळा घोटाळा त्या एका ओळीत होता. आम्ही बी.कॉम.ची माणसे, काकांना आमच्याच भाषेत सांगितले: या लेझरने जमा वाढत नाही, खर्च थांबतो.

तो कसा थांबतो? साखर वर्षानुवर्षे वाढलेली राहिली की पडद्याच्या बारीक रक्तवाहिन्या खराब होतात. पडद्याला प्राणवायू कमी पडतो. मग तो नव्या रक्तवाहिन्या फोडतो, पण त्या इतक्या नाजूक असतात की फुटतात, रक्त उतरते, पुढे पडदा ओढला जाऊन सुटतो. लेझरने पडद्याच्या कडेकडेच्या भागावर एक हजारावर बारीक डाग देतात. तेवढ्या भागाची प्राणवायूची मागणी कमी होते आणि नव्या कच्च्या वाहिन्या सुकतात. रावेर-यावलकडच्या केळीवाल्याला हे लगेच समजेल. विहीर आटली की तो कडेच्या ओळींचे पाणी तोडतो आणि मधला बाग जगवतो. येथे मधला बाग म्हणजे वाचायची, माणूस ओळखायची नजर. कडेच्या ओळी गेल्याने अंधारात आणि बाजूचे थोडे कमी दिसते. काका बोळात पडले ते त्यामुळेच.

मधला बाग खरोखर वाचतो का? अमेरिकेत १९७० च्या दशकात सतराशेहून अधिक रुग्णांवर याची परीक्षा झाली. प्रत्येकाच्या एका डोळ्याला लेझर दिले आणि दुसरा तसाच ठेवला. लेझर झालेल्या डोळ्यांत नजर पार जाण्याचे प्रमाण निम्म्याहून खाली आले. फरक इतका उघड होता की १९७६ साली, अभ्यास चालू असतानाच, धोक्यात असलेल्या दुसऱ्या डोळ्यांवरही उपचार करण्याचे ठरले. आता या जोडीला डोळ्यात देण्याची इंजेक्शनेही आली आहेत. पडद्याच्या मध्यभागी सूज असेल तर त्यांनी नजर काही प्रमाणात सुधारू शकते. परंतु ती पुनःपुन्हा घ्यावी लागतात, आणि मजुरी बुडवून दर महिन्याला जळगाव गाठणे सर्वांना जमत नाही. तारखा चुकणार असतील तर ते डॉक्टरांना आधीच सांगावे, म्हणजे उपचार त्या हिशेबाने ठरवता येतो.

पडद्याच्या लेझरला माणूस चालत जातो, चालत येतो. थेंब टाकून बाहुली मोठी करतात, सुन्न करण्याचे थेंब टाकतात. यंत्रावर हनुवटी टेकवून बसायचे, डोळ्यावर भिंग लावतात, मग लख्ख प्रकाशाचे ठिपके एकामागून एक येतात. काहींना टोचल्यासारखे दुखते. दहा-वीस मिनिटांत उठवतात. बऱ्याचदा दोन-तीन खेपा कराव्या लागतात. उठल्यावर काही वेळ सगळे काळेजांभळे दिसते, नंतर बाहुली लहान होईपर्यंत धूसर. त्या दिवशी मोटारसायकल अजिबात चालवू नये. भुसावळहून वरणगावचा हायवे, त्यावर ट्रकांची रांग. सोबत माणूस न्यावा आणि एसटीने यावे. धूसरपणा काही दिवस, कधी काही आठवडे राहतो. अचानक नवे काळे जाळे दिसले किंवा डोळा फार दुखू लागला तर पुढच्या तारखेची वाट पाहू नये. साखर आणि रक्तदाब काबूत नसेल तर लेझर करूनही वाहिन्या पुन्हा फुटतात, म्हणून गोळ्या लेझर झाल्यावर सोडायच्या नसतात.

याहून महत्त्वाचे म्हणजे पडदा बिघडू लागतो तेव्हा बराच काळ काहीच कळत नाही. दुखत नाही, चष्म्याच्या दुकानातील पाटी झकास वाचता येते. म्हणून साखर निघाली त्याच वर्षी एकदा आणि नंतर दरवर्षी बाहुली मोठी करून पडदा तपासायचा असतो. शिबिरात नुसता नंबर तपासून चष्मा दिला तर ती पडद्याची तपासणी नव्हे, हे शिबिर भरवणाऱ्या आपल्या कार्यकर्त्यांनीही ध्यानात घ्यावे. जळगाव आणि धुळे, दोन्हीकडे सरकारी वैद्यकीय महाविद्यालये आहेत. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत आपला उपचार बसतो का, हे दवाखान्यातील आरोग्यमित्राला रेशनकार्ड व आधारकार्ड दाखवून पैसे भरण्यापूर्वी विचारावे. आणि संमतिपत्र मराठीत मागावे. नसेल तर सही करण्याआधी वाचून, अर्थ सांगायला लावावे. त्यात लाजण्यासारखे काही नाही.

काकांनी राहिलेल्या तारखा पाळल्या. डाव्या डोळ्याने ते आज वर्तमानपत्र वाचतात. उजव्याने माणसाचा आकार कळतो, चेहरा नाही. सायकल सोडली, बोळात मुलाने दिवा लावून दिला. प्रत्येक खेपेला त्यांच्याबरोबर काकू जात असत. थेंब टाकल्यावर हात धरायला कोणी तरी हवे म्हणून. शेवटच्या खेपेला तेथील नर्सबाईंनी विचारले, 'मावशी, तुमची साखर कधी तपासली?' कधीच नाही. त्याच दिवशी रक्त दिले, साखर निघाली. लगोलग त्यांच्याही डोळ्यात थेंब टाकून पडदा पाहिला, तो स्वच्छ होता. पुढच्या वर्षीची तारीख कार्डावर लिहून मिळाली आहे, आणि त्या दिवशी सोबत म्हणून काका जाणार आहेत.