दोन वाहनांमधील काही पावले

सकाळी महालक्ष्मी एक्स्प्रेस कोल्हापूरच्या छत्रपती शाहू महाराज टर्मिनसवर थांबते. ज्यांना न्यायला घरचे कोणी आलेले असते, ते निघून जातात. गारगोटी, आजरा, गडहिंग्लज, चंदगड येथे जाणारे मात्र पिशव्या सावरीत मध्यवर्ती बसस्थानकाची वाट धरतात. अंतर फार नाही, तरुणाला ते जाणवतही नाही. पण गुडघे दुखणाऱ्या आजीला, कडेवर मूल घेतलेल्या आईला किंवा उपचारासाठी शहरात आलेल्या रुग्णाला रात्रभराच्या प्रवासापेक्षा ही थोडी पावलेच अधिक कठीण जातात.

दोन वाहनांमधील अंतर कमी असावे, हा विचार जुनाच आहे. युरोपातील अनेक नगरांत ट्राम आणि बस एकाच छपराखाली येतात. एका वाहनातून उतरावे आणि समोरच्या फलाटावरून दुसऱ्यात बसावे, इतकी ती सोय साधी असते.

कोल्हापुरात ट्राम कधी धावली नाही, मुंबईत मात्र ती नव्वद वर्षे धावली. ९ मे १८७४ रोजी तेथे घोड्यांच्या ट्रामचा आरंभ झाला. त्या कंपनीच्या पदरी सुमारे नऊशे घोडे होते. १९०७ साली ट्राम विजेवर धावू लागली आणि त्या मुक्या जिवांच्या मानेवरील जू उतरले. यंत्रयुगाच्या जमाखर्चात ही जमेची बाजू सहसा कोणी मांडत नाही. १५ जुलै १९२६ पासून बसही आली आणि पुढे कित्येक वर्षे दोन्ही वाहने एकाच नगराची सेवा करीत राहिली. ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला गेलेली ट्राम अखेरची ठरली. दादरचे ट्राम टर्मिनस गेले, रूळही गेले, तरी ‘दादर टीटी’ हे नाव आजही लोकांच्या तोंडी आहे. माणसे जेथे वाहन बदलतात, ती जागा त्यांच्या स्मरणात घर करते, हेच खरे.

कोल्हापूरची कथाही अशीच वाढत गेली. १८९१ साली मिरजेहून रेल्वे आली. पुढे राजर्षी शाहू महाराजांनी वसविलेली शाहूपुरी गुळाच्या व्यापाराने गजबजली. महाराजांच्या प्रेरणेने उभ्या राहिलेल्या वसतिगृहांत खेड्यापाड्यांतील मुले शिकू लागली. कुंभोजचे भाऊराव पाटील, म्हणजेच पुढचे कर्मवीर, येथील जैन बोर्डिंगमध्ये राहिले, ते याच परंपरेतील विद्यार्थी. स्वातंत्र्यानंतर १ जून १९४८ रोजी नगर–पुणे मार्गावर राज्य परिवहनाची पहिली गाडी धावली आणि एस.टी. खेड्यांच्या दारापर्यंत पोहोचली. आज मध्यवर्ती बसस्थानकावर महाविद्यालयाचे विद्यार्थी, बाजारासाठी आलेले शेतकरी, अंबाबाईच्या दर्शनाला आलेले भाविक आणि बाहुबलीला निघालेली कुटुंबे एकाच बाकावर गाडीची वाट पाहतात.

पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना एस.टी.चा प्रवास ऑगस्ट २०२२ पासून विनामूल्य झाला आणि मार्च २०२३ पासून स्त्रियांना तिकिटात निम्मी सवलत मिळाली. त्यामुळे घराचा उंबरठा ओलांडणे अनेकींना सोपे झाले. परंतु तिकीट स्वस्त झाले म्हणून वाट सोपी होतेच असे नाही. आगगाडी, एस.टी. आणि शहर बस यांच्या वेळा जुळल्या, दोन स्थानकांमधील वाट सपाट, सावलीची व निर्धोक राहिली, फलक ठळक असले, तरच ती सवलत खऱ्या अर्थाने पदरी पडते. यासाठी मोठ्या इमारतीपेक्षा वाटसरूच्या अडचणीची जाण अधिक लागते.

शासनाने करावयाचे ते शासन करील. तोवर आपल्या हातातही काही आहे. फलाटावर फलक वाचता न येणाऱ्या आजीला गाडी दाखवणे, जड पिशवीला क्षणभर हात लावणे, बाकावर थोडे सरकून जागा देणे, यांपैकी कशालाच खर्च येत नाही. दोन वाहनांमधील ती काही पावले अशा सोबतीने हलकी होतात.